कार्डावरचे ११०/७०

आमच्या मुलीचा जन्म २५ ऑक्टोबर २०२४ रोजी झाला. तेव्हा गरोदरपणाचे ३३ आठवडे आणि ३ दिवस झाले होते आणि तिचे वजन १,५६० ग्रॅम भरले. हे लिहीत असताना फेब्रुवारी २०२५ चा दुसरा आठवडा चालू आहे आणि ती शेजारच्या खोलीत आजीच्या मांडीवर झोपलेली आहे. वॉर्डात माझ्या आजूबाजूला असलेल्या बहुतेक जणींचा प्रश्न एकच होता, की असे काही होणार हे आधी कळले असते का. माझ्या बाबतीत थोडेफार कळले असते, थोडेफार कळलेही, आणि जे कळले ते वेळेवर कळल्यामुळे बाळाचे पुष्कळ हाल वाचले. ते कसे कळले, कुठे निसटले आणि त्यासाठी कोणकोणत्या रांगांत उभे राहावे लागले, हे क्रमाने लिहून ठेवते आहे.

आम्ही नाशिकला सिडकोत राहतो. मी घरी शिकवण्या घेते आणि माझे पती द्वारका परिसरातील गाड्यांच्या सुट्या भागांच्या दुकानात नोकरीला आहेत. १६ एप्रिलला घरीच चाचणी करून पाहिली आणि ३० एप्रिलला, म्हणजे आठव्या आठवड्यात, घराजवळच्या एका खाजगी रुग्णालयात पहिली तपासणी झाली. तपासणी शुल्क ५०० रुपये, सोनोग्राफी १,२०० रुपये आणि रक्त-लघवीच्या चाचण्या १,९०० रुपये. सोनोग्राफीपूर्वी गर्भलिंगनिदान प्रतिबंधक कायद्याखालील ‘एफ’ नमुना भरून सही करावी लागते आणि त्यासाठी ओळखपत्राची प्रत मागतात. ती नसल्यामुळे आम्हाला झेरॉक्सचे दुकान शोधत फिरावे लागले. आधार कार्डाच्या पाच-सहा प्रती पहिल्या दिवसापासून फाइलमध्ये ठेवाव्यात. पुढे सात महिने मला त्या प्रत्येक ठिकाणी लागल्या.

अहवालात हिमोग्लोबिन १०.४ होते. गरोदर स्त्रीच्या रक्तात ते ११ च्या खाली असले तर त्याला रक्तक्षय म्हणतात, हे मला तेव्हा माहीत नव्हते, आणि अहवाल पाहून कोणी ते सांगितलेही नाही. ‘सगळे नॉर्मल आहे’ एवढे ऐकून आम्ही पेढे घेऊन घरी आलो. फॉलिक अ‍ॅसिडच्या गोळ्या लिहून दिल्या होत्या, त्या मी नेमाने घेतल्या. बाराव्या आठवड्याच्या सोनोग्राफीचे २,२०० आणि विसाव्या आठवड्यातील, बाळाच्या अवयवांची रचना पाहणाऱ्या सोनोग्राफीचे २,८०० रुपये झाले. दोन्ही व्यवस्थित होत्या. त्या रुग्णालयात जुलैअखेर माझ्या चार भेटी झाल्या आणि चारही वेळा कागदावर रक्तदाब ११०/७० असा लिहिला गेला.

यांपैकी पहिल्या भेटीत दंडाला पट्टा बांधल्याचे मला नक्की आठवते. पुढच्या तीन भेटींत तो बांधला गेला नाही, हेही तितकेच नक्की आठवते, कारण तेथे गर्दी एवढी असे की खुर्चीवर बसेपर्यंत पुढच्या रुग्णाचे नाव पुकारले जाई. त्या वेळी मात्र यात काही वावगे वाटले नाही. डॉक्टर स्वभावाने चांगल्या होत्या, सोनोग्राफीचे यंत्र नवे होते आणि कागद गुळगुळीत होता. माझ्या दोन मैत्रिणींना खाजगी रुग्णालयांतच उत्तम आणि काटेकोर सेवा मिळाली आहे, त्यामुळे ही तक्रार एका ठिकाणापुरतीच समजावी.

सरकारी केंद्रात मी गेले ती प्रकृतीसाठी नव्हे, पैशांसाठी, हे प्रामाणिकपणे सांगितले पाहिजे. जुलैच्या अखेरीस सर्वेक्षणासाठी आमच्या गल्लीत आलेल्या आशाताईंनी विचारले, “ताई, नोंदणी केली का? आरसीएच नंबर आहे का?” आरसीएच नंबर म्हणजे गरोदर स्त्रीचा सरकारी नोंदणी क्रमांक. मी नाही म्हटल्यावर त्यांनी उंबऱ्यावरच बसून प्रधानमंत्री मातृवंदना योजनेची माहिती दिली. पहिल्या अपत्यासाठी एकूण ५,००० रुपये दोन हप्त्यांत मिळतात. शेवटच्या पाळीपासून सहा महिन्यांच्या आत नोंदणी आणि किमान एक तपासणी झाली की ३,००० रुपये, आणि जन्मनोंदणी होऊन बाळाचे साडेतीन महिन्यांपर्यंतचे लसीकरण पूर्ण झाले की २,००० रुपये. माझी सहा महिन्यांची मुदत ५ सप्टेंबरला संपत होती. आधार कार्ड, आधारशी जोडलेले बँक खाते, माता-बाल संरक्षण कार्ड आणि कौटुंबिक उत्पन्न वर्षाला आठ लाखांपेक्षा कमी असल्याचा दाखला एवढे कागद लागणार होते. आशाताई म्हणाल्या, “नऊ तारखेला या, त्या दिवशी मोठ्या डॉक्टर मॅडम असतात.” दर महिन्याच्या ९ तारखेला सरकारी केंद्रांत गरोदर स्त्रियांची विनामूल्य तपासणी होते, प्रधानमंत्री सुरक्षित मातृत्व अभियानाखाली २०१६ पासून हे चालू आहे.

९ ऑगस्टला सकाळी साडेनऊ वाजता मी नागरी प्राथमिक आरोग्य केंद्रात पोहोचले तेव्हा माझ्यापुढे ३४ जणी होत्या. बाक दोनच होते, पंखा एक होता आणि बाहेर पाऊस. नोंदणीच्या टेबलावर माता-बाल संरक्षणाचे गुलाबी कार्ड मिळाले, पण खरी गोष्ट पुढच्या टेबलावर घडली. तेथील सिस्टर पन्नाशीच्या असाव्यात. त्यांनी आधी मला खुर्चीत पाच मिनिटे नुसते बसवून ठेवले. मी शेजारणीशी बोलू लागले तर म्हणाल्या, “बोलू नका ताई, पाठ टेकून बसा, पाय खाली ठेवा.” मग टेबलावर वही ठेवून तिच्यावर माझा हात टेकवला, पट्टा बांधला, मोजले, लिहिले आणि थोड्या वेळाने पुन्हा मोजले. आकडा १२८/८४ आला. माझ्या खाजगी फाइलमधले चार ११०/७० त्यांनी एकामागोमाग एक पाहिले आणि कसलीही टीका न करता एवढेच विचारले, “हे दर वेळी मोजलं होतं का?”

त्यानंतर त्यांनी जे प्रश्न विचारले ते पाच महिन्यांत मला कोणीच विचारलेले नव्हते. आईला किंवा बहिणीला बाळंतपणात रक्तदाबाचा त्रास झाला होता का? मला घरातली एक जुनी गोष्ट एकदम आठवली. माझ्या जन्माच्या आदल्या रात्री चांदवडजवळच्या आमच्या गावी आईला झटके आले होते आणि तिला जीपमध्ये घालून नाशिकला आणले होते. मी ओंजळीत मावेन एवढी होते, असे आजी नेहमी सांगायची. घरी ही गोष्ट कौतुकाने सांगितली जाते. सिस्टरांनी मात्र पेन थांबवून माझ्याकडे पाहिले आणि कार्डावर तांबड्या शाईने ओळ लिहिली. बोटातून रक्त घेतले, हिमोग्लोबिन ८.६ निघाले. ७५ ग्रॅम ग्लुकोज पाण्यातून पाजून दोन तासांनी साखर पाहिली, ती १३२ होती. १४० किंवा त्याहून अधिक आली असती तर गरोदरपणातला मधुमेह मानला गेला असता. लघवीत प्रथिने नव्हती. वजन ४९ किलो होते, म्हणजे बावीस आठवड्यांत तीनच किलो वाढले होते. कार्डावर लाल स्टिकर लागला. हिरवा स्टिकर जोखीम नसलेल्यांसाठी आणि लाल अतिजोखमीच्या मातांसाठी असतो, हे शेजारच्या बाईंनी समजावले. तो स्टिकर पाहून मला रडू आले. आता वाटते की त्या दिवसभरात हाती लागलेली सर्वांत उपयोगाची वस्तू तीच होती, कारण पुढे जिथे जिथे गेले तिथे कार्ड उघडताच मला रांगेतून पुढे घेतले गेले.

रक्तक्षयाचे कारण शोधताना एक लाजिरवाणी गोष्ट बाहेर पडली. लोहाची आणि कॅल्शियमची गोळी मी रात्री जेवल्याबरोबर एकदमच घेत असे आणि वर चहा पीत असे. कॅल्शियम आणि चहा हे दोन्ही लोह शोषू देत नाहीत. डॉक्टरांनी लोहाची लाल गोळी दिवसातून दोनदा, जेवणानंतर तासाभराने लिंबूपाण्याबरोबर घ्यायला सांगितली आणि कॅल्शियम व चहापासून दोन तासांचे अंतर ठेवायला सांगितले. लोहाने शौच काळसर होते आणि पोट घट्ट होते, याने घाबरून अनेक जणी गोळ्या बंद करतात, हेही त्यांनी आपण होऊन सांगितले. जंताची एक गोळी दिली. केंद्रात कॅल्शियमच्या गोळ्या त्या दिवशी संपलेल्या होत्या, त्या बाहेरून घेतल्या. एवढे सर्व होऊन घरी परतायला अडीच वाजले आणि खर्च रिक्षाचे ८० रुपये आला.

घरी दुसरी आघाडी उघडली. सासूबाई मायाळू आहेत, पण त्यांचे म्हणणे होते, “फार खाऊ नकोस, बाळ मोठं झालं तर पोट फाडतात.” त्यांच्या पिढीत सुरक्षित बाळंतपणाचा हाच उपाय होता, त्यामुळे त्यांना दोष देता येत नाही. मी त्यांना एका पुण्याच्या अभ्यासाबद्दल वाचून दाखवले. केईएम रुग्णालयातील डॉ. चित्तरंजन याज्ञिक आणि त्यांच्या सहकाऱ्यांनी १९९३ पासून पुण्याजवळच्या सहा खेड्यांतील स्त्रियांचा गरोदरपणापूर्वीपासून पाठपुरावा केला. ज्या माता हिरव्या पालेभाज्या आणि फळे अधिक वेळा खात होत्या त्यांची बाळे जन्मतः अधिक भरलेली होती, असे त्यात दिसले. आपल्याकडची बाळे वजनाने कमी असूनही त्यांच्या अंगात चरबीचे प्रमाण तुलनेने जास्त असते आणि मोठेपणी मधुमेहाकडे झुकण्याचे मूळ तेथपर्यंत जाते, असेही या संशोधनातून पुढे आले. सासूबाईंना स्वतःला मधुमेह आहे. त्या थोडा वेळ गप्प बसल्या आणि दुसऱ्या दिवसापासून नागलीची भाकरी, मेथी, शेपू, मोड आलेली मटकी आणि शेंगदाण्या-गुळाचा लाडू असे माझे ताट त्याच वाढू लागल्या.

९ सप्टेंबरला, म्हणजे सत्ताविसाव्या आठवड्यात, हिमोग्लोबिन ८.९ निघाले. महिनाभर गोळ्या नीट घेऊनही जेमतेम ०.३ ने वाढ झाली होती आणि रक्तदाब १३६/८८ झाला होता. गोळ्यांनी अपेक्षित वाढ होत नाही आणि दिवस थोडे उरले आहेत, म्हणून शिरेतून लोह द्यायचे ठरले. घरी गौरी-गणपती होते. गौरी जेवल्या त्याच्या दुसऱ्या दिवशी, १२ सप्टेंबरला, महापालिकेच्या रुग्णालयात मला फेरिक कार्बोक्सिमाल्टोजचे १,००० मिलिग्रॅमचे सलाइन लावले. सलाइन अर्ध्या तासात संपले, पण काही त्रास होत नाही ना हे पाहण्यासाठी नंतरही झोपवून ठेवले. खर्च काहीच नाही. राष्ट्रीय कुटुंब आरोग्य सर्वेक्षणाच्या पाचव्या फेरीत (२०१९-२१) देशातील १५ ते ४९ वयाच्या गरोदर स्त्रियांपैकी ५२.२ टक्के स्त्रिया रक्तक्षयी आढळल्या होत्या. त्या खोलीतील आम्हा सहा जणींना पाहून तो आकडा मला मुळीच मोठा वाटला नाही. बाळाच्या शरीरातील लोहाचा बहुतेक साठा शेवटच्या तीन महिन्यांत आईकडून भरला जातो, असे तेथील डॉक्टरांनी सांगितले, तेव्हा घाईचे कारण समजले.

रक्तदाब मोजायचे यंत्र आम्ही १,६५० रुपयांना घेतले. ते केंद्रात नेऊन तिथल्या यंत्राशी ताडून पाहण्याची सूचना सिस्टरांचीच. आमचे यंत्र चारने जास्त दाखवत होते, तेवढे वजा करून मी रोज सकाळ-संध्याकाळ वहीत लिहू लागले. डोहाळजेवण याच दरम्यान साधेपणाने झाले. चंद्रकळा नेसून काढलेल्या त्या दिवसाच्या फोटोंत माझा चेहरा सुजलेला दिसतो, पण तेव्हा सगळ्यांनी तेज आल्याचे म्हटले.

तिसाव्या आठवड्याच्या सोनोग्राफीसाठी सरकारी तारीख बरीच पुढची मिळत होती, म्हणून १ ऑक्टोबरला ती बाहेर १,८०० रुपये देऊन केली. बाळाचे अंदाजे वजन १,१५० ग्रॅम, म्हणजे त्या आठवड्याच्या मानाने कमी होते, आणि डॉप्लर तपासणीत नाळेतील रक्तप्रवाहाला अडथळा वाढल्याचे दिसले. ९ ऑक्टोबरला रक्तदाब १४२/९२ आणि लघवीत प्रथिने एक प्लस. हिमोग्लोबिन मात्र १०.१ वर आले होते. विसाव्या आठवड्यानंतर रक्तदाब १४०/९० किंवा त्यावर जाणे आणि सोबत लघवीत प्रथिने येणे याला प्री-एक्लॅम्प्सिया म्हणतात. यात वारेला रक्त पुरवणाऱ्या रक्तवाहिन्या सुरुवातीपासूनच नीट रुंदावलेल्या नसतात, त्यामुळे बाळाला रक्त कमी पोहोचते आणि त्याची वाढ खुंटते. आईच्या बाबतीत तो झटक्यांपर्यंत जाऊ शकतो. माझ्या आईला तेच झाले होते.

त्या दिवशी डॉक्टरांना मी विचारले, की हे टळले असते का. त्यांनी सरळ उत्तर दिले. पहिलेच गरोदरपण आणि आईला हाच आजार झालेला, या दोन गोष्टी पहिल्या भेटीत नोंदल्या गेल्या असत्या तर बाराव्या आठवड्यापासून अ‍ॅस्पिरिनची छोटी मात्रा सुरू करण्याचा विचार झाला असता. तिचा खरा उपयोग सोळाव्या आठवड्याआधी सुरू केल्यास होतो आणि मी त्यांच्यासमोर आले ती बाविसाव्या आठवड्यात. अ‍ॅस्पिरिन घेऊनही काहींना हा आजार होतोच, हेही त्यांनी सांगितले, त्यामुळे ‘त्या खाजगी रुग्णालयामुळेच झाले’ असे मी म्हणू शकत नाही. पण तो एक प्रश्न विचारायला अर्धा मिनिट लागला असता, ही गोष्ट मनातून जात नाही. रक्तदाब उतरवणाऱ्या लॅबेटालॉलच्या गोळ्या सुरू झाल्या आणि घरी फ्रिजच्या दारावर एक कागद लागला: जोराचे डोके दुखणे, डोळ्यांपुढे काजवे चमकणे, बरगड्यांखाली उजवीकडे दुखणे, एकाएकी सूज, बाळाची हालचाल कमी होणे. यांपैकी काहीही झाले तर सकाळची वाट पाहायची नाही.

१९ ऑक्टोबरला, शनिवारी रात्री, डोके दुखू लागले आणि ट्यूबलाइटभोवती काजवे दिसू लागले. यंत्रावर १६४/१०८. सासूबाई म्हणाल्या, पित्त असेल. पतींनी कागदाकडे पाहिले आणि रिक्षा बोलावली. १०८ ला फोन केला असता तरी चालले असते, पण रिक्षा दारातच होती. त्र्यंबक रस्त्यावरील जिल्हा रुग्णालयात पोहोचलो तेव्हा साडेअकरा झाले होते. लाल स्टिकरचे कार्ड, रक्तदाबाची वही आणि सोनोग्राफीचा अहवाल टेबलावर ठेवले आणि दहा मिनिटांत मला आत घेतले. कोणत्या गोळ्या, किती, केव्हापासून, हे त्या वहीत असल्यामुळे मला बोलावेच लागले नाही. त्या अवस्थेत मला नीट सांगताही आले नसते. ती फाइल आठव्या महिन्यात दाराजवळच्या खुंटीवर टांगलेली असावी.

झटके येऊ नयेत म्हणून मॅग्नेशियम सल्फेट दिले. ते देताना अंगातून आगीची लाट जावी तसे होते, याची आधीच कल्पना असलेली बरी. दर काही वेळाने गुडघ्यावर हातोडी मारून पाय उडतो का पाहत आणि लघवी मोजत, कारण औषध जास्त झाल्याची खूण तिथेच आधी दिसते. त्याच रात्री डेक्सामेथासोनचे पहिले इंजेक्शन दिले, एकूण चार, बारा-बारा तासांनी. बाळ लवकर बाहेर काढावे लागण्याची शक्यता असेल तर आईला दिलेले हे औषध वारेतून बाळाकडे जाते आणि त्याची फुप्फुसे उघडी ठेवणारा द्रव लवकर तयार करवते. न्यूझीलंडच्या लिगिन्स आणि हाउवी यांनी १९७२ मध्ये प्रथम अशा प्रकारच्या औषधाचा उपयोग दाखवून दिला. माझे चार डोस २१ तारखेला सकाळी पूर्ण झाले. मी अत्यवस्थ होऊनच आले असते तर हा दीड-दोन दिवसांचा अवकाश मिळालाच नसता.

शेजारच्या खाटेवर सुरगाणा तालुक्यातील एक जण होती, रक्तक्षय माझ्याहून वाईट, रक्त चढवण्यासाठी आणलेली. तिचे कार्ड मी मागून पाहिले. उपकेंद्रातील परिचारिकेने प्रत्येक रकाना भरलेला होता, आकडे दर भेटीत बदलत गेलेले होते आणि त्या आकड्यांवरूनच तिला वेळेत खाली पाठवले होते. माझ्या पहिल्या फाइलला १४ हजारांहून अधिक खर्च आला होता.

२५ तारखेला सकाळी डॉप्लर आणखी बिघडला आणि रक्तदाब तीन औषधांनीही उतरेना, म्हणून दुपारी सिझेरियन झाले. ती रडली. आवाज मांजरीच्या पिल्लासारखा बारीक होता, पण रडली. नाळ लगेच न कापता थोडे थांबले होते, म्हणजे वारेतील जास्तीचे रक्त बाळाला मिळते. हे मी आधीच विचारून ठेवले होते. मला ती दुसऱ्या दिवशी दिसली, नवजात शिशू अतिदक्षता कक्षाच्या काचेतून. श्वासासाठी नाकाशी लावलेली सीपॅपची नळी एकच दिवस लागली. व्हेंटिलेटर लागला नाही. बालरोगतज्ज्ञांनी पतींना पहिला प्रश्न विचारला होता तो आईला इंजेक्शनचे चारही डोस झाले होते का, हाच.

दिवाळी आमची त्या कक्षाच्या दारात गेली. पहिल्या दिवशी माझे दूध तीन मिलिलिटर निघाले, तेच नळीने पाजले. वजन १,४५० पर्यंत उतरले, कावीळ झाली, दोन दिवस निळ्या दिव्याखाली ठेवले. लक्ष्मीपूजनाच्या दिवशी, १ नोव्हेंबरला, सिस्टरांनी तिला प्रथमच माझ्या छातीशी उभी बांधली. याला कांगारू मदर केअर म्हणतात. इन्क्युबेटर अपुरे होते म्हणून १९७८ मध्ये कोलंबियातील बोगोटा शहरात ही पद्धत सुरू झाली. अंगावर फक्त टोपी, मोजे आणि लंगोट, मान एका बाजूला वळवलेली, नाक मोकळे, आणि आमच्या दोघींवरून एक कापड. तिचा श्वास माझ्या श्वासाच्या लयीत येत गेला, हे मी कोणाला पटवून देऊ शकणार नाही. किती तास बांधले हे खाटेच्या कागदावर लिहायचे असे. मी दमले की पती बांधत. समोरून बटणे असलेला सैल शर्ट आणावा. बाराव्या दिवशी ती जन्माच्या वजनावर परत आली, नळी गेली आणि वाटी-चमच्याने पाजणे सुरू झाले.

१३ नोव्हेंबरला १,६९० ग्रॅम वजनावर घरी सोडले. जननी-शिशू सुरक्षा कार्यक्रमाखाली शस्त्रक्रिया, औषधे, रक्ततपासण्या, माझे जेवण आणि बाळाचे उपचार विनामूल्य झाले. आमचा खर्च म्हणजे पतींचे जेवण, रिक्षा, कपडे आणि दूध काढण्याचा पंप मिळून साडेसहा हजार आणि त्यांची बावीस दिवसांची रजा, ज्यातील पंधरा दिवस बिनपगारी होते. सोडण्यापूर्वी कानांची चाचणी झाली. डोळ्यांची २२ नोव्हेंबरला झाली: ३४ आठवड्यांआधी जन्मलेल्या किंवा दोन किलोंपेक्षा कमी वजनाच्या बाळांचा डोळ्यांचा पडदा सुमारे चार आठवड्यांचे असताना तपासावा लागतो आणि ही तारीख चुकवता येत नाही, कारण उशीर झाला तर दृष्टी जाऊ शकते. मोठ्या अक्षरांत लिहून ती तारीख देव्हाऱ्याजवळ लावली होती.

घरी आल्यावर आशाताई ठरलेल्या दिवशी वजनकाटा घेऊन येत. बाळाचे पोट उघडून श्वास मोजायचा, तळपाय थंड आहेत का पाहायचे, नाळेच्या जागी काही लावले नाही ना पाहायचे, हे त्या शिस्तीने करत. घरोघरी जाऊन नवजात बाळ सांभाळण्याच्या या पद्धतीमागे गडचिरोलीतील ‘सर्च’ संस्थेत डॉ. अभय आणि डॉ. राणी बंग यांनी केलेले काम आहे. ते १९९९ मध्ये ‘लॅन्सेट’मध्ये प्रसिद्ध झाले. सासूबाईंना तिला तेल लावून न्हाऊ-माखू घालायची घाई होती. आशाताईंनी त्यांना समोर बसवून सांगितले, “आजी, दोन किलो होऊ द्या, तोवर पुसून काढा.” माझे त्यांनी ऐकले नसते.

कागदपत्रांत दोनदा अडकलो. जन्मनोंदणी २१ दिवसांच्या आत विनाशुल्क होते. रुग्णालयाच्या अर्जात माझे माहेरचे नाव आणि आधारवरचे सासरचे नाव असा घोळ झाला होता, तो दाखला छापण्याआधी लक्षात आल्याने एका फेरीत सुटला. बाळाचे नाव तेव्हाच द्यावे लागत नाही, ते वर्षभरात विनाशुल्क जोडता येते. दुसरा घोळ मातृवंदनेचा. ऑगस्टमध्ये भरलेल्या अर्जाचे ३,००० रुपये नोव्हेंबर सरला तरी खात्यात दिसेनात. अखेर कळले की ते जमा झालेले होते, पण चांदवडला महाविद्यालयात असताना उघडलेल्या खात्यात, कारण आधारशी शेवटचे जोडलेले खाते तेच होते आणि सरकारी रक्कम अर्जातल्या खात्यात न जाता आधारशी जोडलेल्या खात्यात जाते. अर्ज करण्यापूर्वी बँकेत जाऊन हे एकदा विचारून घ्यावे.

३१ जानेवारीला चौदाव्या आठवड्याच्या लसी झाल्या. वेळेआधी जन्मलेल्या बाळाच्या लसींच्या तारखा जन्मतारखेपासूनच मोजतात, वाढीचे टप्पे मात्र अपेक्षित तारखेपासून. आमची १० डिसेंबर होती. त्या हिशोबाने ती आता दोन महिन्यांची आहे, आवाजाकडे वळते आणि हसते. वजन ३,९०० ग्रॅम. लोहाचे आणि ड जीवनसत्त्वाचे थेंब चालू आहेत. दुसऱ्या हप्त्याचा अर्ज गेला आहे.

माझा रक्तदाब डिसेंबरच्या मध्यावर औषधांशिवाय १२०/७८ झाला, तरी दरवर्षी तपासायला सांगितले आहे. रुग्णालयातून मिळालेल्या डिस्चार्ज कागदाच्या तळाशी डॉक्टरांनी हाताने एक ओळ लिहिली आहे: ‘पुढील गरोदरपणात बाराव्या आठवड्याआधी यावे, अ‍ॅस्पिरिनचा विचार करावा.’ त्या कागदाच्या तीन प्रती काढल्या. एक फाइलमध्ये आहे, एक आईकडे दिली, आणि तिसरी माझ्या धाकट्या बहिणीला दिली आहे. तिचे लग्न मे महिन्यात आहे.